विसर घातलेलं घर

बायकांना आठवण फार असते, असं माझे सासरे म्हणायचे, आणि एखाद्या जुनाट खोकल्याबद्दल बोलावं तसं म्हणायचे. स्वतःच्या आठवणीचा मात्र त्यांना कोण अभिमान! इतवारीत आमचं घर आणि सासऱ्यांची संत्र्याची अडत. कोणत्या बगीच्यातून किती पेट्या आल्या, कोणाला काय भाव लागला, मागच्या बहाराला गोड बोलून कोण सडका माल गळ्यात मारून गेला, सगळं डोक्यात. कागदावर लिहून ठेवणाऱ्याला ते कच्चा समजायचे. संध्याकाळी पुढच्या खोलीत गादीवर बसून, अंगठा बोटांच्या पेरांवरून फिरवत, ते दिवसभराचे सगळे सौदे पुन्हा म्हणून काढायचे. तेवढा वेळ आम्ही भांड्याचाही आवाज करायचा नाही.

मी त्या घरात सून म्हणून गेले ती सत्तर सालच्या आसपास. वर्ध्याची, मॅट्रिक झालेली आणि जिभेला हाड नसलेली. आठवडाभरातच माझ्या लक्षात आलं की या घरात बाकी कोणी डोकं वापरायची पद्धत नाही, ते काम सासरे एकटेच करतात. आमचे हे बापासमोर नुसती मान हलवायचे. सासूबाई हे म्हणतील त्याला हो आणि ते म्हणतील त्यालाही हो. राहता राहिली माझी नणंद. तिला डोकं होतं, आणि तेच सगळ्यांना जड जात होतं.

ती माझ्याहून वर्षभरानं लहान. बी.ए. झालेली, सदरमधल्या एका शाळेत लहान मुलांना शिकवायची. सासऱ्यांनी तिला नोकरी करू दिली ती काही मनाच्या मोठेपणानं नाही. शिकलेली, नोकरीची मुलगी म्हटलं की तोलामोलाचं स्थळ येतं, असं त्यांना बाजारात कोणीतरी सांगितलं होतं. त्याच शाळेत विज्ञान शिकवणारा एक मास्तर होता. दिवाळीच्या थोडं आधी सासऱ्यांच्या ओळखीच्या एका दलालानं त्या दोघांना सीताबर्डीला व्हरायटी चौकात रस पिताना पाहिलं. तोही मोसंबीचा. संत्र्याच्या अडत्याची मुलगी भर चौकात मोसंबीचा रस पिते, याचा सासऱ्यांना वेगळा राग आला असणार, असं मला आजही वाटतं.

खरा राग अर्थातच दुसरा होता. मास्तराच्या आईवडिलांनी छप्पन साली याच शहरात बौद्ध धम्माची दीक्षा घेतलेली. आमच्या घरात हे सरळ शब्दांत कोणी बोलत नव्हतं. 'ते लोक' म्हणायचे, आणि म्हणताना आवाज खाली जायचा. बाजारात त्याच लोकांच्या डोक्यावरून पेट्या उतरवून घेताना आवाज खाली जात नव्हता, तेव्हा तो चांगला चढायचा.

नणंदेनं काही लपवलं नाही. म्हणाली, "मी लग्न करीन तर त्याच्यासोबतच करीन, बाबा. तुम्ही एकदा त्याले भेटून तर पाहा नं."

सासऱ्यांनी शाळेत जाऊन मास्तराला लांबूनच पाहून घेतलं, तिची शाळा बंद केली आणि तिला घरात बसवलं. हात उचलला नाही, हे मात्र ते पुढं कितीतरी लोकांना ऐकवत राहिले, जणू काही दानधर्मच केला होता.

आता त्यांची अडचण अशी होती की काटोलकडचं एक स्थळ आधीच ठरत आलं होतं. मुलगा कसा आहे हे घरात कोणाला नीट सांगता येत नव्हतं, पण बगीचा किती मोठा आहे हे सगळ्यांना पाठ होतं. सासऱ्यांना जावई नको होता, त्यांना झाडं पाहिजे होती. पण ही पोरगी पाहायला आलेल्या लोकांसमोर तोंड उघडून काही बोलली तर? मारून गप्प करता आली असती, पण मारलेलं दिसतं. म्हणून मग त्यांनी दुसरा उपाय शोधला.

सौंसरच्या पलीकडून एक महाराज यायचा. तो विसर घालतो, अशी त्याची ख्याती. ज्या माणसाची आठवण नको असेल, तेवढा एकच माणूस तो डोक्यातून पुसून टाकतो आणि बाकी सगळं जागच्या जागी राहतं, असं लोक सांगायचे. कापडबाजारातल्या एका बाईचा पोरगा नदीत बुडाला होता. महाराजानं विसर घातला आणि ती बाई दुसऱ्या दिवशी हसत लाडू वळायला बसली, अशी गोष्ट इतवारीत घरोघरी माहीत होती. ती बाई कोण, राहते कुठे, हे मी विचारलं तर कोणी सांगेना. मला म्हणाले, तुम्ही वर्ध्याचे लोक शंकेखोर.

महाराज एका सकाळी आला. कपाळभर शेंदूर, पायात चांगले करकरणारे बूट. पुढच्या खोलीत सासऱ्यांच्या समोर बसला. बाजारात जुने व्यापारी उपरण्याखाली हात घालून, एकमेकांची बोटं दाबून भाव ठरवायचे, म्हणजे आजूबाजूच्याला कळू नये. सासऱ्यांनी उपरणं पसरलं. दोघांचे हात आत गेले. उपरणं हललं, थांबलं, पुन्हा हललं, आणि महाराजानं मान डोलावली. पोटच्या पोरीच्या डोक्याचा सौदा लोक संत्र्याच्या पेटीसारखा करतात, हे मी स्वयंपाकघराच्या दारातून डोळ्यांनी पाहिलं. मी आमच्या ह्यांच्याकडे पाहिलं, तर यांची मान आधीच हलत होती.

साहित्य साधंच होतं. त्या माणसाची एखादी वस्तू जाळून तिची राख. नणंदेच्या पुस्तकात मास्तराचा एक रुमाल सापडला होता, तो जाळला. ती राख जंबेरीच्या रसात कालवली. ज्या झाडावर संत्र्याचं कलम बांधतात ते जंबेरी. त्याचं फळ इतकं आंबट की बकरीसुद्धा तोंड लावत नाही. पेला भरला. नणंदेला बोलावलं.

तिनं सरळ सांगितलं, "मी नाही पिणार."

सासू रडायला लागली. सासरे म्हणाले, "पी म्हटलं नं." ती जागची हलली नाही. मला वाटलं, आता हे तिचं नाक दाबून पाजतात.

तेवढ्यात महाराजानं अट सांगितली. आवाज खोल काढून, अर्धं हिंदी अर्धं मराठी. "विसर होळीपर्यंत कच्चा राहते. तब तक उस आदमी का नाम इस घर में कोई नही लेगा. नाव नाही, खूण नाही, इशारा नाही. जो आठवण देईन, विसर उलटून त्याच्याच डोक्यावर बसन. पोरीचं जसं होतं तसं परत येईन, अन् बोलणाऱ्याचं सगळं जाईन. आपली माणसं विसरन, आपला धंदा विसरन, घरचा रस्ता विसरन."

सासऱ्यांचा चेहरा मी तेव्हा नीट पाहिला. बाजारातला एक म्हातारा व्यापारी अलीकडेच असा झाला होता. स्वतःच्याच दुकानासमोर उभा राहून लोकांना विचारायचा की माझं दुकान कुठे आहे. वय झालं होतं बिचाऱ्याचं, दुसरं काही नाही. पण सासऱ्यांच्या डोळ्यांसमोर तोच उभा राहिला असणार. ज्या माणसाची सगळी अडत डोक्यात, त्याला याहून मोठी भीती कोणती?

महाराजाची अक्कल दिसते ती याच अटीत. जादू लागली की नाही हे तपासायचं असेल तर त्या माणसाची आठवण काढावी लागणार, आणि आठवण काढायचीच बंदी. म्हणजे त्याची जादू कधी खोटी ठरायचा प्रश्नच नाही. असा धंदा मला कोणी शिकवला असता तर मी पण करकरीत बूट घालून फिरले असते.

हे सगळं माझ्याआधी नणंदेच्या लक्षात आलं. अट संपते न संपते तोच तिनं हात पुढं केला, "आणा इकडे," म्हणाली आणि पेला एका दमात रिकामा केला. आंबटानं तिचं तोंड असं काही वाकडं झालं की महाराजानं तेवढ्यावरच "लग गया, लग गया," म्हणून टाकलं. मग ती गेली आणि झोपली.

दुसऱ्या दिवशी सकाळी सगळं घर तिच्याकडे टक लावून बसलं. विचारायचं तर होतं, पण काय विचारणार? शेवटी सासऱ्यांनी घसा साफ केला.

"कसं वाटून राहिलं?"

"बरं वाटून राहिलं, बाबा."

"तुले सगळं आठवते नं?"

"काय सगळं?"

"म्हणजे... आपलं... सगळं."

"आठवते नं. आईचं माहेर सांगू का? काल भाजी कोणती होती ते सांगू?"

"नाही नाही. राहू दे." सासरे उठून बाजारात गेले.

तिथून आमच्या घराची भाषाच आकसायला लागली. मास्तराचं नाव तर गेलंच, पण 'मास्तर' हा शब्दही गेला. मग 'विज्ञान' गेलं. शाळा सदरमध्ये, म्हणून 'सदर' गेलं. आमच्या ह्यांना एकदा कामासाठी तिथं जायचं होतं तर ते मला म्हणाले, "जरा तिकडे जाऊन येतो." तिकडे म्हणजे कुठे, असं मी मुद्दाम मोठ्यानं विचारलं, तर त्यांना घाम फुटला. मास्तर सायकलवर फिरायचा म्हणून 'सायकल' गेली. मोसंबी तर घरात यायचीच बंद झाली. एकदा शेजारीण आली आणि दारातूनच, "काय वं, तुमच्या पोरीच्या त्या..." एवढं बोलली, तेवढ्यात सासूनं हातातला अख्खा लाडू तिच्या तोंडात कोंबला. त्या बाईला ठसका लागला, डोळे पांढरे झाले, पण विसर वाचला.

नणंद या सगळ्यातून अगदी शांतपणे वावरायची. आठेक दिवसांनी जेवताना तिनं विचारलं, "बाबा, मी घरी काहून बसून राहिली? शाळेत काहून नाही जाऊन राहिली मी?"

सासऱ्यांचा घास हातात राहिला. काय सांगणार? कारण सांगायचं तर तो माणूस सांगावा लागतो. त्यांनी सासूकडे पाहिलं, सासूनं माझ्याकडे पाहिलं, मी ताटाकडे पाहिलं, कारण मला हसू आवरत नव्हतं.

"सुट्टी होती तुले," सासरे म्हणाले.

"मंग संपली असन नं सुट्टी. उद्यापासून जाऊ?"

आणि ती गेली. त्याच सदरला, त्याच शाळेत, त्याच मास्तराच्या शेजारच्या वर्गात, रोज, बापानं रिक्षा ठरवून दिली त्या रिक्षात बसून. एवढा डोक्याचा माणूस, बाजारात संत्रं हातात घेऊन आतल्या फोडी ओळखणारा, त्याला एवढंसुद्धा दिसलं नाही. किंवा दिसलं असेल. पण त्यांचा हिशोब असा की पोरगी त्याला विसरली आहे, मग तो समोर असला काय अन् नसला काय. एवढे पैसे देऊन घातलेला विसर खोटा कसा असेल?

मला तिनं सांगितलं ते संक्रांतीनंतर, गच्चीवर, मी मिरच्या वाळत घालत असताना.

"वहिनी, मी काहीच विसरली नाही."

मी म्हटलं, "ते काय सांगायले पाहिजे? तुमचं तोंड त्या जंबेरीनं वाकडं झालं होतं, विसरानं नाही."

ती हसली. मी विचारलं की मग वाट कशाची पाहता, लग्न करून मोकळ्या काहून होत नाही. दोघंही सज्ञान, दोघांनाही पगार, कोण अडवणार होतं? त्यावर ती मिरच्या चाळवायला लागली.

"पळून जायचं असतं तर दिवाळीतच गेली असती. मले तसं नाही जायचं. बाबानं बोलावं वाटते. त्याचं नाव घेऊन दोन शिव्या देल्या तरी चालन. त्याईले खरंच वाटते, नाव घेतलं तर आपलं डोकं जाईन. तरी माह्यासाठी एकदा ते जोखीम घेते का नाही, ते पाहायचं आहे मले. बाबानं एकदा नाव घेतलं नं वहिनी, का मी तिथंच थांबीन. मंग महिना लागो का वर्ष लागो, त्याईले समजावीन, पण त्याईच्या हातानंच लग्न करीन."

मला तिचा राग आला. इतकी हुशार पोरगी आणि जीव टांगला कुठे, तर या माणसाच्या तोंडून निघणाऱ्या एका शब्दाला! मी तिला तसं म्हटलंसुद्धा. ती म्हणाली, "बाप आहे, वहिनी." मी मिरच्या पसरत राहिले.

काटोलचे लोक यायचे त्या रविवारी सासूनं पहाटेपासून घर डोक्यावर घेतलं होतं. मुलगा, त्याचा बाप आणि एक म्हातारा आजा, असे तिघं आले. ज्यांच्या घरी संत्र्याचे ढीग लागतात त्यांच्यासाठी सासऱ्यांनी संत्रा बर्फी आणून ठेवली होती. त्यांनी ती खाल्ली आणि आपल्या बगीच्यातल्या फळाचा स्वाद यात नाही, असं सांगितलं. मुलगा सगळा वेळ आपल्या घड्याळाची पट्टी फिरवत होता. मला वाटतं त्याला पण झाडांसोबतच विकायला आणला होता.

आणि नणंद चहाचा ट्रे घेऊन बाहेर येते न येते तोच दारात सायकलरिक्षा थांबली. रिक्षातून मास्तर उतरला आणि त्यानं हात देऊन आपल्या आईला उतरवलं. म्हातारी बारीकशी, पांढरं धुतलेलं लुगडं. दोघं सरळ आत आले. मास्तरानं सगळ्यांना नमस्कार केला, काटोलवाल्यांनाही केला.

सासऱ्यांना मी बाजारात, घरात, आजारपणात, कितीतरी वेळा पाहिलं आहे. त्या दिवशीसारखं त्यांचं तोंड मी कधी पाहिलं नाही. उघडलं आणि तसंच राहिलं.

नणंदेनं ट्रे हातातच धरून विचारलं, "बाबा, हे कोण आहेत?"

काटोलचा आजा कान पुढं करून म्हणाला, "कोण आहे गा हे? पाहुणे आहे का तुमचे?"

"हे... हे असेच," सासरे म्हणाले.

मास्तराच्या आईनं मग स्वतःच सांगितलं. बाईनं आवाज चढवला नाही की उतरवला नाही. "आम्ही तुमची पोरगी मागाले आलो, भाऊ. माह्या पोराले पसंत आहे. तुमचं काय म्हणणं आहे ते मले तोंडावर सांगा, मी वाईट नाही मानणार."

यावर 'नाही' म्हणणं किती सोपं होतं! पण नुसतं नाही म्हणून भागणार नव्हतं. काटोलचा बाप लगेच विचारायला लागला की तुमची यांची ओळख कुठली, हे तुमच्यापर्यंत आले कसे. त्याचं उत्तर दिलं की सगळं सांगणं आलं. सासऱ्यांनी नुसते हात चोळले. काटोलच्या लोकांना एवढ्या वेळात जे समजायचं ते समजलं. आजा काठी टेकत उठला, "आमचा टाइम कायले खराब केला गा?" म्हणाला, आणि तिघंही निघून गेले. सासऱ्यांची झाडं डोळ्यांदेखत दाराबाहेर पडली, आणि ते त्यांना थांबा असंही म्हणू शकले नाहीत.

आता घरात फक्त घरचे आणि ते दोघं. सासू स्वयंपाकघराच्या दारात तोंडात पदर कोंबून उभी. आमच्या ह्यांची मान हलत होती, पण कोणाला हो म्हणत होती ते तिलाच माहीत.

नणंदेनं ट्रे खाली ठेवला. "बाबा, मले तर हे लोक चांगले वाटले. मी जाऊ का यांच्यासोबत?"

त्या घरात हे फक्त मला समजत होतं की ती जायला विचारत नाही, ती थांबवायला सांगते आहे. सासऱ्यांनी तिच्याकडे पाहिलं. ओठ हलले. मला खरंच वाटलं की आता निघतं नाव. मी मनातल्या मनात देवाला हात जोडले, आणि माझ्यासारखीनं ते करावं म्हणजे किती झालं.

ती दाराशी गेली. चपलेचा पट्टा लावला, काढला, पुन्हा लावला. मास्तर आणि त्याची आई रिक्षाजवळ जाऊन उभे राहिले. ती उंबऱ्यावर बसूनच राहिली, मान वळवून बापाकडे पाहत. आणि बाप काय करत होता? त्यांचा अंगठा बोटांच्या पेरांवरून फिरत होता. पेट्या, भाव, बगीचे. आपलं सगळं जागेवर आहे की नाही ते पाहत होते. पोरगी उंबऱ्यावर बसलेली आणि हा माणूस आपल्या डोक्यातला माल मोजतोय! मला किळस आली. इतकी किळस मला पुढं आयुष्यात कोणाचीच आली नाही.

तिनंही ते पाहिलं. मग ती उठली आणि गेली. रिक्षात बसल्यावर मागं पाहिलं नाही.

रिक्षा वळल्यावर सासरे गादीवर बसले आणि त्यांनी कालचे सगळे सौदे मोठ्यानं म्हणून दाखवले. एकही चुकला नाही. सासूनं देवापुढं दिवा लावला आणि म्हणाली, "वाचलं गा बाप्पा."

लग्न रजिस्टर पद्धतीनं झालं. घरातून मी एकटी गेले, आणि आमच्या ह्यांना सांगून गेले. त्यांनी मान हलवली.

पण लोकांना काय सांगायचं? महाराजाला पुन्हा बोलावणं गेलं. तो आला, डोळे मिटून बसला, आणि त्यानं निदान केलं की विसर जास्त लागला. जंबेरी जास्त आंबट निघाली म्हणे. त्या माणसासोबत पोरगी आईबापालाही विसरली, म्हणून तर अशी कोणाही परक्यासोबत उठून गेली. सासऱ्यांना हे इतकं पटलं की पटायला वेळसुद्धा लागला नाही. पोरगी पळाली असं म्हणायची गरज उरली नाही, आपण थांबवली नाही असंही म्हणायची गरज उरली नाही. बाजारात, नातेवाइकांत, सगळीकडे हेच सांगितलं गेलं. लोक हळहळायचे, आणि तेही विश्वास ठेवायचे. इतवारीत अशा गोष्टींना गिऱ्हाईक कमी नव्हतं.

होळी आली, गेली. विसर पक्का झाला, महाराजाची बंदी संपली. आता मास्तराचं नाव घ्यायला कोणाला काही भीती नव्हती. पण त्या घरात आता मुलीचंही नाव कोणी घेईना. तिचा फोटो भिंतीवरून उतरला, तिचे कपडे कोणाला तरी दिले गेले. हे करायला कोणत्या महाराजाची, राखेची, जंबेरीची गरज लागली नाही. सासऱ्यांनी पुढं कितीतरी बहार केले आणि शेवटपर्यंत एकेक भाव त्यांना पाठ होता. मुलं किती असं विचारलं तर ते म्हणायचे, एक मुलगा आहे.

मी सदरला नणंदेकडे जात राहिले. ती सुखात होती. मास्तर सरळ माणूस होता आणि त्याची आई तर माझ्या सासूच्या शंभर पट. तिला मुलगी झाली तेव्हा मी बाळ पाहायला गेले. तिनं बाळ माझ्या मांडीवर दिलं आणि मी निघताना म्हणाली, "वहिनी, बाबाचं जाऊ द्या. आईले म्हणा, एकदा येऊन जा. तिले म्हणा, मी काही विसरली-गिसरली नाही. मले सगळं आठवते."

घरी आले तेव्हा सासू एकटीच चुलीपाशी बसली होती. तिला मी आत्याबाई म्हणायचे आणि सासऱ्यांना मामाजी. सासरे बाजारात. मी तिच्या शेजारी बसले आणि वाकडंतिकडं न बोलता सगळं सांगितलं. नात झाली. नाक तुमच्यावर गेलं आहे. ती वाट पाहून राहिली. आणि आत्याबाई, ती काही विसरली नाही, तिले सगळं आठवते.

सासूच्या हातातला झारा थांबला. मग म्हणाली, "असं नको सांगू वं मले."

"काहून?"

"ते विसरून गेली म्हणून मी जेवते तरी. तिले आठवत असन, अन् माय येत नाही हे तिले रोज दिसत असन, तं मंग माह्या घशाखाली घास कसा उतरन? विसरली तेच बरं आहे. तू नको सांगू."

मी तिचा हात धरला. म्हटलं, "चला, आत्ता रिक्षा आणते. मामाजी यायच्या आत परत येऊ." माझ्या हातात तिचा हात थोडा वेळ राहिला. मग तिनं तो सोडवून घेतला, डोळ्याला पदर लावला आणि भाजी हलवायला लागली.

हे मी कोणाला सांगितलं की लोक म्हणतात, बिचारी, तिची काय चूक, तिची कीव करावी. मी प्रयत्न करून पाहिला आहे. मला येत नाही. सदर काही काशीला नव्हतं, रिक्षानं अर्ध्या तासाची वाट. तिथं तिची मुलगी होती, नात होती, आणि दोघीही तिची वाट पाहत होत्या. ती त्यानंतर पुष्कळ वर्षं जगली, आणि दोन्ही वेळा पोटभर जेवली.